एलकेडर : अमेरिकेतले कादरचे गाव

आमच्या हजेरीपटावर अब्दुल कादिर हे नाव दरवर्षी एकदा तरी असतेच. घरात तो कादर, दोस्तांत काद्या, आणि शाळेच्या दाखल्यावर तिसऱ्याच कुठल्या स्पेलिंगचा. एकदा आठवीच्या वर्गात उत्तर अमेरिकेचा नकाशा लावून आम्ही मुलांना सांगितले, "आयोवा राज्यात एक गाव आहे, एलकेडर. हे आपल्या कादरचेच नाव." वर्गातला कादर अर्थातच खूश झाला. मागच्या बाकावरून लगेच प्रश्न आला, "सर, म्हणजे तिथे मुसलमान राहायचे?"

उत्तर सोपे होते : नाही. पण ते 'नाही' देऊन आमचे समाधान झाले नाही. जिथे एकही मुसलमान नव्हता त्या गावाला एका मुसलमान अमिराचे नाव कसे मिळाले? आणि अमेरिकेत जिथे मुसलमान खरोखर वसले, नांगर धरला, कब्रस्ताने केली, त्या गावांची नावे आपल्याला का ठाऊक नसतात? या दोन प्रश्नांचा मागोवा घेता घेता हा लेख तयार झाला.

एलकेडर हे आयोवाच्या ईशान्येकडील क्लेटन परगण्याचे मुख्य ठाणे. लोकसंख्या जेमतेम बाराशे. गावातून टर्की नावाची नदी वाहते. वाचकांनी लगेच तुर्कस्तानकडे धाव घेऊ नये, हे नाव टर्की पक्ष्यावरून पडले आहे. नदीवर १८८९ मध्ये बांधलेला दगडी कमानींचा देखणा पूल आजही उभा आहे. १८४६ मध्ये टिमथी डेव्हिस नावाच्या वकिलाने जॉन थॉम्पसन आणि चेस्टर सेज या दोन भागीदारांसह इथे गाव आखले. त्याच वर्षीच्या डिसेंबरात आयोवाला राज्याचा दर्जा मिळाला. नव्या गावाला नाव हवे होते. डेव्हिसने निवडले अल्जीरियाच्या अमीर अब्दुल कादिरचे.

हा अमीर तेव्हा जिवंत होता, आणि लढत होता. १८०८ मध्ये मस्कारा शहराजवळ त्याचा जन्म झाला. घराणे कादरिया सिलसिल्याचे, दीनी इल्माचे. १८३० मध्ये फ्रान्सने अल्जियर्स घेतले, आणि १८३२ मध्ये पश्चिमेकडील टोळ्यांनी या चोवीस वर्षांच्या तरुणाच्या हातावर बैअत केली. त्यानंतर पंधरा वर्षे त्याने त्या काळातील एका बलाढ्य फौजेला झुंजवले. १८३७ च्या ताफ्ना तहाने फ्रान्सला त्याची सत्ता मान्य करावी लागली, पण तो तह दोन वर्षांतच मोडला. त्याच्या युद्धाच्या बातम्या अमेरिकेतही वाचल्या जात होत्या. ज्यांच्या आजोबांनी इंग्रजांच्या राजाविरुद्ध बंदूक उचलली होती, त्यांना परक्या सत्तेशी लढणारा हा माणूस आपलासा वाटला. त्याचा दीन वेगळा, जबान वेगळी, पण लढाई ओळखीची होती.

इथे थांबून एक कडू गोष्टही सांगितली पाहिजे. ज्या १८३२ साली अमिराने हाती झेंडा घेतला, त्याच साली अमेरिकेत ब्लॅक हॉक या सॉक सरदाराचा पराभव झाला, आणि मिसिसिपीच्या पश्चिमेकडील मोठा पट्टा त्याच्या लोकांकडून काढून घेतला गेला. टर्की नदीच्या वरच्या अंगाला सरकारने हो-चंक लोकांना आणून बसवले होते. १८४८ मध्ये त्यांनाही तिथून उठवले. म्हणजे दूरच्या अल्जीरियात जमिनीसाठी लढणाऱ्याचे नाव गावाला देणारे लोक ज्या जमिनीवर उभे होते, तिच्या मूळ धन्यांना हुसकावले जात होते. डेव्हिसच्या मनाचा मोठेपणा यामुळे खोटा ठरत नाही. पण माणसाला दूरचा जुलूम लवकर दिसतो आणि पायाखालचा दिसत नाही, हे मात्र खरे. हा दोष एकट्या अमेरिकेचा आहे असे आम्ही म्हणणार नाही.

गावाला नाव मिळाले आणि पुढच्याच वर्षी, डिसेंबर १८४७ मध्ये, अमिराने शस्त्र खाली ठेवले. पूर्वेकडे जाऊ देण्याचे वचन त्याला मिळाले होते. ते पाळले गेले नाही. तुलाँ, पो आणि आंब्वाझ इथे त्याला सुमारे पाच वर्षे कैदेत ठेवले. या काळात त्याच्या सुटकेसाठी लेखणी चालवणाऱ्यांत एक होते अल्जियर्सचे माजी बिशप दुपुश. युद्धाच्या काळात याच बिशपनी अमिराकडे एका फ्रेंच कैद्याची सुटका मागितली होती, आणि त्यातून दोन्ही बाजूंच्या कैद्यांची अदलाबदल झाली होती. अमिराची ती माणुसकी बिशप विसरले नाहीत. १८५२ मध्ये अमीर सुटला. आधी बुर्सा आणि नंतर दमिश्क हे त्याचे घर झाले.

जुलै १८६० मध्ये दमिश्कमध्ये ख्रिस्ती वस्तीवर जमाव तुटून पडला. कत्तल सुरू झाली. तेव्हा हाच अमीर आपल्या अल्जीरियन साथीदारांना घेऊन गल्ल्यांत उतरला. हजारो ख्रिस्ती स्त्री-पुरुषांना त्याने आपल्या हवेलीत आसरा दिला आणि सुखरूप बाहेर काढले. ज्या फ्रान्सने वचन मोडले होते, त्याचे नागरिकही त्यांत होते. अमेरिकेचे अध्यक्ष अब्राहम लिंकन यांनी त्याला पिस्तुलांची जोडी भेट पाठवली. १८८३ मध्ये अमिराचा दमिश्कमध्ये इंतकाल झाला. पुढे स्वतंत्र अल्जीरियाने १९६६ मध्ये त्याचे अवशेष मायदेशी नेले.

लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की गावाने हे नाव १८६० पाहून दिलेले नाही. नाव चौदा वर्षे आधीचे आहे. नाव ठेवणाऱ्यांना एक लढवय्या माहीत होता. त्याच्यातला रहमदिल माणूस जगाला नंतर दिसला.

आता दुसरा प्रश्न. अमेरिकेत वसलेल्या मुसलमानांचे काय?

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तेव्हाच्या उस्मानी सीरियातून, म्हणजे आजच्या सीरिया-लेबनॉनमधून, अनेक तरुण अमेरिकेत उतरले. बहुसंख्य ख्रिस्ती होते, काही मुसलमान होते. पाठीवर गाठोडे घेऊन ते शेतावरच्या घरांपर्यंत सुया, दोरे, कापड विकत फिरत. काहींनी उत्तर डकोटाची वाट धरली. १८६२ च्या कायद्याने, पाच वर्षे राहून जमीन कसणाऱ्याला १६० एकर मिळत. रॉस या खेड्याजवळ अशी मुसलमान शेतकऱ्यांची वस्ती झाली. हाडे गोठवणाऱ्या थंडीत ते घरांतच नमाज पढत. १९२९ मध्ये त्यांनी मशीद बांधली. तिला ना मीनार ना दालन, अर्धीअधिक जमिनीत खणलेली बुटकी खोली. त्याच वर्षी मंदी आली, पाठोपाठ दुष्काळ. शेते उजाड झाली, मुले शहरांकडे गेली, लग्ने शेजारच्या ख्रिस्ती घरांत होऊ लागली. १९७९ मध्ये ती पडीक मशीद पाडण्यात आली. राहिले फक्त कब्रस्तान. पुढे २००५ मध्ये जुन्या कुटुंबांच्या वारसांनी त्याच जागेत एक छोटी घुमटाची मशीद पुन्हा उभी केली. नमाजी फारसे उरले नसताना केवळ आठवण म्हणून मशीद बांधावी, यातले दुःख शब्दांत मावत नाही.

एलकेडरपासून शंभर-सव्वाशे किलोमीटरवर सीडर रॅपिड्स शहर आहे. इथले फेरीवाले हळूहळू किराणा दुकानदार झाले. वर्गणी काढून, मंदीच्या ऐन कडक दिवसांत, त्यांनी १९३४ मध्ये मशीद उघडली. लाकडी, पांढरी, बाहेरून साध्या घरासारखी, वर लहानसा घुमट. मशीद म्हणून बांधलेल्या आणि आजही उभ्या असलेल्या अमेरिकेतील इमारतींत ही सर्वांत जुनी मानली जाते. 'मदर मॉस्क' या नावानेच तिची ओळख आहे. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीस जमातीने मोठे नवे केंद्र बांधले आणि ही इमारत विकली. मधल्या काळात तिथे चर्चही भरले. १९९० मध्ये मुसलमानांनी ती परत विकत घेऊन दुरुस्त केली, आणि १९९६ मध्ये राष्ट्रीय ऐतिहासिक वास्तूंच्या यादीत तिची नोंद झाली.

याच शहरातला अब्दुल्ला इग्राम दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन फौजेत होता. सैनिकाच्या गळ्यातल्या पट्टीवर धर्माचे अक्षर असे. प्रॉटेस्टंटसाठी एक, कॅथलिकसाठी एक, यहुद्यासाठी एक. मुसलमानासाठी अक्षरच नव्हते. मेला तर जनाजा कसा करायचा हे कोणाला कळणार? युद्धानंतर त्याने १९५२ मध्ये सीडर रॅपिड्सला अमेरिका आणि कॅनडातील सुमारे ४०० मुसलमानांचे संमेलन भरवले, आणि या अक्षराच्या मागणीसाठी अध्यक्ष आयझेनहॉवर यांना पत्र लिहिले. देशासाठी जीव द्यायला तो निघालाच होता. त्याची मागणी एवढीच होती, की मरणाऱ्याची ओळख तरी लिहा.

एलकेडर आणि मस्कारा ही १९८४ पासून भगिनी-शहरे आहेत. जून २००८ मध्ये आयोवात महापूर आला. टर्की नदी एलकेडरात शिरली, घरे-दुकाने बुडाली. अल्जीरियाच्या सरकारने या बाराशे वस्तीच्या गावाला दीड लाख डॉलरची मदत पाठवली. १८४६ च्या नावाने १६२ वर्षांनी आपले देणे फेडले, असेच म्हणावे लागेल. आणि त्याच महिन्यात, त्याच पावसात, सीडर नदीचे पाणी मदर मॉस्कच्या तळघरात शिरले. तिथे जमातीची जुनी कागदपत्रे आणि पुस्तके ठेवलेली होती. त्यातले बरेचसे कायमचे गेले.

एकाच पुराने एका गावाला नावाची किंमत दाखवली, आणि दुसरीकडे कागदाची. ज्या गावात आपण कधी नव्हतो तिथे आपले नाव टिकले, कारण कोणीतरी ते दप्तरात लिहिले. जिथे आपण राबलो, तिथल्या खुणा पुसत गेल्या, कारण त्या तळघरात, पेटीत, म्हाताऱ्यांच्या आठवणीत पडून राहिल्या. रॉसच्या वस्तीबद्दल आज जे समजते, त्यात १९३० च्या दशकाच्या अखेरीस सरकारी योजनेतल्या लेखकांनी शेतकऱ्यांच्या घरी बसून घेतलेल्या मुलाखतींचा वाटा मोठा आहे. त्या घेतल्या नसत्या तर उरली असती फक्त थडगी.

मागच्या बाकावरच्या त्या मुलाला आम्ही हे सगळे सांगितले. मग वर्गाला एक गृहपाठ दिला : आपल्या मोहल्ल्याची मशीद कोणी बांधली, कोणत्या साली, वर्गणी कोणी दिली, जमीन कोणाची होती, हे घरातल्या सर्वांत वडीलधाऱ्या माणसाला विचारून लिहून आणा. दुसऱ्या दिवशी चाळीसपैकी अकरा वह्या आल्या. त्यांतल्या सहा वह्यांत एकच वाक्य होते : "दादा को मालूम था, वो गुजर गए."

त्या अकरा वह्या आम्ही जपून ठेवल्या आहेत. तळघरात नाही, वरच्या फळीवर.