नाटकगृहांचें दप्तर

नाटक संपलें कीं प्रेक्षक घरोघर जातात आणि मागें नाटकगृह उरतें, अशी आपली समजूत असते. ती कितपत खरी आहे?

मुंबईस ग्रँट रोडवर जगन्नाथ शंकरशेट यांच्या साहाय्यानें १८४६ सालीं एक नाटकगृह उभें राहिलें. सांगलीस १८४३ मध्यें 'सीतास्वयंवर' करणाऱ्या विष्णुदास भाव्यांच्या मंडळीचे खेळ १८५३ मध्यें तेथें झाले. मुंबईहून ठाण्यास आगगाडी धांवूं लागली तेंच हें वर्ष. पुढें त्या भागांत नाटकगृहांची रांग लागली आणि 'प्ले हाउस'चें लोकांच्या तोंडीं 'पिला हाउस' झालें. नाटकगृहें लयास गेलीं, कांहींचीं चित्रपटगृहें झालीं. तें अपभ्रष्ट नांव मात्र उरलें.

कोल्हापूरची कथा अगदीं अलीकडची आहे. शाहूमहाराजांच्या कारकीर्दींत १९१५ मध्यें पुरें झालेलें पॅलेस थिएटर पुढें केशवराव भोसले यांच्या नांवानें ओळखलें जाऊं लागलें. ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्रीं, केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या दिवशीं, तें आगींत सांपडलें. भिंती पुन्हां उभारतां येतात. पण तेथें कोणता प्रयोग कोणीं केला, तिकिटाचा दर काय होता, स्त्रिया कोठें बसत, हें सांगणारा कागद एकदां नाहींसा झाला म्हणजे कोणताहि गवंडी तो बांधून देऊं शकत नाहीं.

आपल्या ठाण्यांत मासुंदा तलावाच्या कांठचें गडकरी रंगायतन १९७८ चें आहे. त्याची पन्नाशी जवळ आली. कल्याणचें अत्रे रंगमंदिर आणि डोंबिवलीचें सावित्रीबाई फुले नाट्यगृह आपणांस अजून नवीं वाटतात. परंतु वास्तु जुनी झाली हें ध्यानांत येईपर्यंत तिचे कागद रद्दींत गेलेले असतात.

उपाय शोधण्यास दूर जावयास नको. विनायक लक्ष्मण भावे यांनीं १८९३ मध्यें ठाण्यास मराठी ग्रंथसंग्रहालय स्थापिलें. प्राचीन कवींच्या पोथ्या घरोघर कसरीच्या तोंडीं पडत असतां त्यांनीं त्या मिळविल्या व छापल्या. 'महाराष्ट्र सारस्वत' हा त्यांचा ग्रंथ अशाच परिश्रमांवर उभा आहे. आधीं कागद जमले, मग इतिहास लिहिला गेला.

कल्याणचें सार्वजनिक वाचनालयहि १८६४ पासूनचें आहे. अशा संस्थांनीं नाटकगृहांचें एक स्वतंत्र दप्तर कां ठेवूं नये? जाहिराती, तिकिटें, आसनांचे नकाशे, हिशेबाच्या वह्या त्यांत याव्यात. पडदा ओढणारे, दिवे सांभाळणारे, दारावर तिकिटें तपासणारे यांच्या आठवणी ते हयात आहेत तोंवरच टिपून घ्याव्यात. आणि ज्या घरांत एखाद्या प्रयोगाचें छायाचित्र असेल, त्यांनीं आजच त्याच्या पाठीमागें नांवें व तारीख लिहून ठेवावी. एवढ्या कामास पेन्सिलीचा एक तुकडा पुरतो. तें न केल्यास नातवंडांच्या हातीं अनोळखी चेहऱ्यांचा एक कागद तेवढा राहील.