तळटीप : मार्गेट

३. मार्गेट – इंग्लंडच्या केंट परगण्यातील समुद्रकाठचे गाव. लेखकाने ‘विमाने स्वस्त झाली आणि गाव ओस पडले’ एवढ्यावर ते सोडले आहे. हे कारण खरे असले तरी अपुरे आहे. समुद्रस्नान औषधी मानले जाई त्या काळात, १७९१ साली, येथे समुद्रस्नानाचे रुग्णालय स्थापन झाले. १८४६ मध्ये रेल्वे आली आणि लंडनचे कष्टकरी सहकुटुंब येऊ लागले. ड्रीमलँड या करमणूक उद्यानात १९२० पासून लाकडी सांगाड्यावरून चढउतार करणारी ‘सीनिक रेल्वे’ धावू लागली. तिचा ब्रेक ओढणारा माणूस प्रवाशांबरोबर गाडीतच असे.

१९६०नंतर हेच लोक स्वस्त सहलींतून स्पेनच्या उन्हात जाऊ लागले. पण घाव खोल गेला तो पुढे. उन्हाळ्यातल्या चार महिन्यांच्या कमाईवर वर्ष काढणाऱ्या गावात दुसरा रोजगार उभाच राहिला नव्हता. पाहुण्यांसाठी बांधलेली उंच घरे मालकांनी खोली-खोली करून भाड्याने दिली. त्यांत सरकारी मदतीवर जगणारी, लंडनमध्ये जागा न परवडणारी माणसे आली. त्यांना गावाच्या अधोगतीचे कारण ठरवणे अन्यायाचे आहे. १९७८च्या जानेवारीतील वादळाने जुना धक्का मोडून काढला. २०११ मध्ये टर्नर या चित्रकाराच्या नावाचे कलादालन उघडले, त्यामागोमाग लंडनकर परतले आणि घरांच्या किमती वाढल्या. जुन्या भाडेकरूंचे पुढे काय झाले, हा प्रश्न या प्रकरणात यायला हवा होता.