मरणाची मोजदाद : आयुष्याचे पहिले कोष्टक कसे तयार झाले?

१/१०
जुन्या काळातील आयुर्मानाविषयी दोन समजुती आजही शेजारी शेजारी नांदतात. पूर्वज सहज शंभरी गाठत, ही एक. पूर्वी माणसे तिशीतच म्हातारी होऊन मरत, ही दुसरी. या दोन्हींची परीक्षा घेता येईल असा पुरावा सतराव्या शतकात युरोपातील दोन शहरांत तयार झाला. त्याची ही कथा.

२/१०
पहिले शहर लंडन. प्लेगच्या धास्तीने तेथे दर आठवड्याला दफनांची छापील यादी निघत असे. घरात मृत्यू झाला की ‘सर्चर’ म्हणून नेमलेल्या, बहुधा वृद्ध आणि गरीब स्त्रिया येऊन प्रेत पाहत व मरणाचे कारण सांगत. वैद्यकाचे शिक्षण त्यांना नव्हते. वाचणारे प्लेग वाढला की ओसरला एवढेच पाहत आणि कागद बाजूला टाकत.

३/१०
जॉन ग्राँट या व्यापाऱ्याने मात्र या याद्या जमवल्या. बटणे, दोरे, फिती अशा किरकोळ मालाचा त्याचा धंदा होता. विद्यापीठाचे तोंड त्याने पाहिले नव्हते. अनेक वर्षांच्या याद्या एकत्र मांडून त्याने दुकानदाराच्या सवयीने बेरजा घेतल्या आणि १६६२ मध्ये आपली निरीक्षणे पुस्तकरूपाने प्रसिद्ध केली. त्याच वर्षी रॉयल सोसायटीने त्याला सदस्य करून घेतले.

४/१०
वीस वर्षांतील २,२९,२५० मृत्यू त्याने तपासले. ‘वार्धक्य’ हे कारण लागलेले त्यात अवघे १५,७५७ निघाले, म्हणजे सुमारे पंधरांत एक. उलट, बालकांनाच होणाऱ्या विकारांनी गेलेल्यांचा आकडा ७१,१२४ होता. एकतृतीयांश मरण पाळण्याभोवती घुटमळत होते. शंभरीची समजूत येथेच डळमळीत झाली.

५/१०
या याद्यांत एक मोठी उणीव होती : मृताचे वय त्यांत नसे. ग्राँटने अंदाजाने मांडणी केली. जन्मलेल्या १०० जणांपैकी ३६ जण सहा वर्षांच्या आत जातात, ७६ व्या वर्षी एकच उरतो, असे त्याने लिहिले. बालमृत्यूच्या आकड्याला याद्यांचा आधार होता. मोठ्या वयाचे आकडे केवळ तर्काचे होते.

६/१०
ही उणीव दुसऱ्या शहराने भरून काढली. ब्रेस्लाऊ, म्हणजे आजच्या पोलंडमधील व्रोत्सवाफ. तेथे मृताचे वय नोंदवले जाई. सात आणि नऊ यांच्या पटीतील वर्षे घातक असतात, त्यातही सात नव्वे त्रेसष्ट हे वर्ष सर्वांत कठीण, अशी समजूत युरोपात रूढ होती. कास्पार नॉयमान या धर्मोपदेशकाने ती पडताळण्यासाठी नोंदी चाळल्या. त्या वर्षांत मरण विशेष वाढल्याचे त्याला आढळले नाही.

७/१०
नॉयमानचे १६८७ ते १६९१ या वर्षांचे आकडे लंडनला पोहोचले आणि खगोलशास्त्रज्ञ एडमंड हॅली याच्या हाती आले. १६९३ मध्ये त्याने कोष्टक छापले. पहिल्या वर्षाच्या रकान्यात १००० जीव, विसाव्या वर्षी ५९८, साठाव्या वर्षी २४२, ऐंशीव्या वर्षी ४१.

८/१०
हे चार आकडे नीट वाचले की दुसरी समजूतही गळून पडते. विशी गाठलेल्या ५९८ जणांपैकी २४२ जण, म्हणजे शंभरांतील चाळीस, साठीपर्यंत पोहोचत होते. सरासरी खाली ओढली जाई ती बालमृत्यूंमुळे. गावात म्हातारी माणसे होती. त्यांची कित्येक भावंडे मात्र लहानपणीच गेलेली असत.

९/१०
कोष्टकाला व्यवहारी बाजूही होती. आजन्म वार्षिक रक्कम देण्याच्या बदल्यात इंग्लंडचे सरकार कर्ज घेई, तेव्हा दहा वर्षांच्या मुलाला आणि साठीच्या गृहस्थाला दर एकच असे. किंमत वयानुसार ठरली पाहिजे, हे हॅलीने दाखवून दिले. पुढे आयुर्विमा याच गणितावर उभा राहिला. पण कोष्टकात कोणाचे आयुष्य मोजले जाते, हा प्रश्न उरलाच. एकोणिसाव्या शतकात भारतात विमा कंपन्या भारतीयांचे आयुष्य कमी प्रतीचे मानून जादा हप्ता घेत. १८७० मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या बॉम्बे म्युच्युअल सोसायटीने भारतीयांना नेहमीच्या दराने विमा देऊ केला.

१०/१०
ग्राँटचे घर १६६६ च्या आगीत जळाले. १६७४ मध्ये तो विपन्नावस्थेत, ५३ व्या वर्षी वारला. हॅलीला ८५ वर्षांचे आयुष्य लाभले, तरी त्याने भाकीत केलेला धूमकेतू त्याच्या मृत्यूनंतर सुमारे सतरा वर्षांनी परतला. आपल्या आकड्यांवर विचार करताना हॅलीने नोंदवले होते की, जन्मलेल्यांपैकी निम्मे जीव सतरा वर्षांतच संपतात. तेव्हा म्हातारपण आले नाही म्हणून आयुष्याला अपुरे म्हणणे त्याला अन्यायाचे वाटले. सतरा ओलांडलेल्या प्रत्येकाने निम्म्या सोबत्यांहून अधिक आयुष्य आधीच पाहिलेले होते.