खोट्या रागूची खरी गोष्ट

१/ पास्त्यावरचा ‘रागू’ म्हणजे मंद आचेवर शिजवलेला खिम्याचा दाट रस्सा. इटलीच्या तस्कनी प्रांतातील शेतकरी तो मांसाविना रांधत. त्याचे नाव ‘सुगो फिंतो’, म्हणजे खोटा सॉस.

२/ कांदा, गाजर, सेलरी बारीक चिरून ऑलिव्ह तेलात परतत. मग वाइन व टोमॅटो. कृती रागूचीच, उणे केवळ मांस.

३/ कारण ‘मेझाद्रिया’, अर्थात अर्धेलीची शेती. निम्मे पीक जमीनमालकाकडे जाई. कुळाच्या ताटात मांस सणावारीच येई.

४/ १९६४ मध्ये असे नवे करार निषिद्ध ठरले. उरलेले खंडाच्या शेतीत बदलणारा कायदा मे १९८२ मध्ये आला. त्याच ऑक्टोबरात बोलोन्याच्या रागूची कृती तेथील वाणिज्य मंडळात नोंदवली गेली. खऱ्या रागूला दस्तऐवज लाभला, तेव्हा खोट्याला जन्म देणारी व्यवस्था मोडीत निघत होती.