पत्ता मागणारी यंत्रे

कारखान्यातील यंत्रे ठरल्या क्रमाने चालवणाऱ्या नियंत्रकाला, म्हणजे पीएलसीला, त्याचा क्रमांक पूर्वी पुष्कळदा स्क्रू-ड्रायव्हरच्या टोकाने मिळत असे. १९७९ मध्ये आलेल्या मॉडबस या यंत्रांमधील संवादाच्या संकेतात हे क्रमांक १ ते २४७ एवढेच असल्याने उपकरणावरचे इवलेसे डिप स्विच वर-खाली केले की काम भागे. इथरनेट कारखान्यात शिरले तेव्हा मात्र पेच पडला, कारण प्रत्येक उपकरणावर कारखान्यातच कोरलेला ४८ बिटांचा मॅक पत्ता कायमचा असला, तरी संवादाला लागणारा आयपी पत्ता कोऱ्या उपकरणाजवळ नसतो, आणि तो नसताना त्याच्याशी बोलावे कसे, हा प्रश्न उरतो.

याचे उत्तर कारखान्यासाठी शोधलेले नव्हतेच. स्वतःची डिस्क नसलेल्या संगणकांसाठी बिल क्रॉफ्ट आणि जॉन गिलमोर यांनी सप्टेंबर १९८५ मध्ये बूटपी हा संकेत मांडला. त्यात नवखे यंत्र आपला मॅक पत्ता सांगत साऱ्या जाळ्याला हाक घालते आणि सर्व्हर आपल्या तक्त्यात पाहून त्याला आयपी पत्ता कळवतो. १९९३ मध्ये त्यातूनच डीएचसीपी निघाले, ज्यात पत्ता ठरावीक मुदतीसाठी, जणू भाड्याने, मिळतो. कार्यालयाला ही सोय वाटली, पण ज्याच्या पत्त्यावर इतर यंत्रांचे प्रोग्रॅम विसंबून असतात त्या नियंत्रकाचा पत्ता बदलणे परवडणारे नव्हते, म्हणून कार्यालयांनी मागे टाकलेले बूटपी कारखान्यांत दीर्घकाळ टिकले, आणि ते योग्यच होते.

अॅलन-ब्रॅडलीचा एसएलसी ५/०५ नियंत्रक खोक्यातून बाहेर येताना बूटपी चालू ठेवूनच येई. तंत्रज्ञ लेबलवरचा मॅक पत्ता टिपून घेई, लॅपटॉपच्या पडद्यावर येत राहणाऱ्या विनंत्यांमध्ये तोच ओळखून त्यासमोर आयपी पत्ता भरी, आणि मग बूटपी बंद करण्याची आज्ञा देई. ही शेवटची पायरी राहिली, तर वीज जाऊन परतल्यावर नियंत्रक पुन्हा पत्ता मागत बसे, आणि लॅपटॉप तर एव्हाना घरी गेलेला असे.

पुढे काही मॉड्यूलांवर तीन फिरते स्विच आले: ००१ ते २५४ यांपैकी आकडा लावला की १९२.१६८.१ या ठरलेल्या भागापुढे तो जोडला जाई. प्रोफिनेट या कारखान्यांसाठीच्या इथरनेट-संकेताने आकड्याऐवजी नाव पुढे आणले. नियंत्रक उपकरणाला नावाने शोधून आयपी पत्ता स्वतः देतो, आणि शेजारची उपकरणे कोणती हे आराखड्यात नोंदलेले असल्यास बदललेल्या उपकरणाला जुने नावही जागच्या जागी मिळते.