मालगाडीवरचा मजूर

आपल्या भाषेत ‘भटक्या’ या एकाच शब्दात कामासाठी गाव सोडणारा आणि काम टाळण्यासाठी गाव सोडणारा, असे दोघेही सामावतात. अमेरिकेतील होबोंना मात्र हा भेद अब्रूइतका मोलाचा वाटे. होबो हिंडतो आणि काम करतो. ट्रॅम्प हिंडतो, पण काम करीत नाही. बम तर हिंडतही नाही आणि कामही करीत नाही, अशी त्यांच्यात प्रतवारी होती.

१८६९ मध्ये पूर्वेकडील लोहमार्ग कॅलिफोर्नियाशी जोडले गेले आणि १८७३ च्या मंदीने असंख्य हात रिकामे केले. गव्हाची कापणी, जंगलतोड, लोहमार्गाची बांधणी अशा हंगामी कामांच्या शोधात हे लोक मालगाड्यांतून चोरून प्रवास करू लागले. रिकामा डबा मिळाला तर ठीक. नाहीतर छतावर, किंवा डब्याखालच्या लोखंडी सळ्यांवर आडवे पडून. १९०१ ते १९०५ या काळात लोहमार्गांवर विनापरवाना वावरणारी सुमारे २४,००० माणसे मृत्युमुखी पडली. ते सारेच होबो नव्हते; तरीही आकडा वाचून मन थबकते.

ज्या मार्गाच्या बांधणीला हे हात हवे असत, त्याच मार्गावर रेल्वेचे पहारेकरी त्यांना दंडुक्याने खाली उतरवीत. न्यू जर्सीने १८७६ मध्ये ट्रॅम्पविरोधी कायदा केला आणि इतर राज्यांनी तोच कित्ता गिरवला. हंगामात मजूर म्हणून हवा असलेला माणूस हंगाम सरताच गुन्हेगार ठरे. होबोंनी जपलेला तो भेद कायद्याला मान्यच नव्हता.

त्यांच्यातील रीतभात मात्र पाहण्यासारखी होती. लोहमार्गालगतच्या त्यांच्या तळाला ते ‘जंगल’ म्हणत. तेथे स्वयंपाक झाल्यावर भांडी घासून पुढच्या अनोळखी माणसासाठी ठेवून जायची, हा दंडक. हिवाळ्यात अनेकजण शिकागोच्या वेस्ट मॅडिसन रस्त्यावरील स्वस्त निवासांत येत. जेम्स ईड्स हाऊ या श्रीमंत घराण्यातील गृहस्थाने आपली संपत्ती होबोंसाठी वेचून ‘होबो महाविद्यालये’ चालविली. तेथे कायदा आणि अर्थकारण यांवर व्याख्याने होत.

या जगाचा अभ्यास नेल्स अँडरसन यांनी ‘द होबो’ (१९२३) या ग्रंथात केला. ते स्वतः तरुणपणी होबो म्हणून हिंडले होते, ही गोष्ट मला त्यांच्या विद्वत्तेहून अधिक महत्त्वाची वाटते. तोवर गव्हाच्या शेतांत कापणी-मळणीची संयुक्त यंत्रे येऊ लागली होती, आणि मजूर जुन्या मोटारीतून, बायकामुलांसह, कामावर जाऊ लागला होता. १९३० नंतरच्या महामंदीत मालडबे पुन्हा भरले. पण त्यांतले बहुतेकजण घर आणि नोकरी गमावून निघालेले होते.