एका धावेचा हिशेब

मी सरकारी कारकून. टोटल जुळली की काम संपलं, असं आम्हा लोकांना वाटतं. बेसबॉलमधली एक हकीकत वाचल्यापासून मात्र मला तसं वाटेनासं झालंय.

बेसबॉलमध्ये सामन्याची नोंद अधिकृत स्कोअरर ठेवतो. ती ताडून पाहायची रीत नियमातच दिलेली आहे. संघाचे फलंदाज एकूण जितक्या वेळा खेळायला आले, तो आकडा म्हणजे त्यांच्या धावा, बेसवर अडकून राहिलेले आणि बाद झालेले, या तिन्हींची बेरीज. आहे ना अगदी आपल्या जमाखर्चासारखं? आता हा ताळमेळ स्कोअरिंगचं सॉफ्टवेअर क्षणात घालून देतं.

पण १९३० सालची गोष्ट बघा. शिकागो कब्ज संघाच्या हॅक विल्सनच्या फलंदाजीमुळे त्या मोसमात १९० धावा आल्याची नोंद झाली. तो विक्रमच होता. खरा आकडा होता १९१! २८ जुलैच्या दुसऱ्या सामन्यातली एक धाव चार्ली ग्रिम या त्याच्याच सहकाऱ्याच्या नावावर पडली होती. संघाच्या धावा तेवढ्याच राहिल्या, म्हणून चूक कुणाला खुपली नाही. दुरुस्ती झाली १९९९ साली. विल्सन तर १९४८ मध्येच वारला होता.

आपल्याकडे एक-चौदाच्या उताऱ्यावर एखाद्या कुळाचं नाव राहून गेलं, तरी जमिनीच्या क्षेत्रफळाची बेरीज बिनचूकच येते. राहतो तो माणूस. म्हणून हल्ली कागद पुढे पाठवण्याआधी मी आकडे नंतर बघतो, नावं आधी वाचतो.